कोळसा जाणार, मग कोळशावरची माणसं?

प्रश्न : माझे यजमान औष्णिक वीज केंद्रात बॉयलर विभागात आहेत, वय 46. मुलगा पर्यावरणशास्त्र शिकतोय. मध्यंतरी तो त्यांना म्हणाला, ‘बाबा, तुमचा प्लांट जितक्या लवकर बंद होईल तितकं बरं.’ तेव्हापासून दोघांत अबोला आहे. ही हरित अर्थव्यवस्था आली की आमच्यासारख्यांना त्यात काही जागा असणार आहे, की आम्ही भंगारात निघणार? – एक वाचक

उत्तर : ताई, माझी सगळी नोकरी औष्णिक केंद्रात, टर्बाइनच्या देखभालीत गेली. मध्यरात्री बॉयलरमधली ट्यूब, म्हणजे पाणी-वाफेची नळी, फुटली की बॉयलरवाल्यांची कशी धावपळ होते ते मी जवळून पाहिलंय. त्यामुळे तुमच्या यजमानांना काय लागलं असेल ते मला कळतं. पण मुलगा चूक बोललेला नाही. कोळशाच्या एका युनिट विजेमागे साधारण एक किलो कार्बन डायऑक्साइड धुराड्यातून वर जातो. ब्रिटनमध्ये 1882 साली कोळशावरची सार्वजनिक वीज सुरू झाली; तिथलं शेवटचं कोळसा केंद्र 30 सप्टेंबर 2024 रोजी बंद झालं. हे बाकी ठिकाणीही होणार आहे. तुमच्या घराचं पुढे काय होईल ते मात्र एकाच गोष्टीवर ठरेल : बंद करायची तारीख किती आधी सांगतात आणि मधल्या काळाचा खर्च कोण उचलतं.

ऑस्ट्रेलियातल्या हेझलवूड केंद्राचंच बघा. बंद होणार हे नोव्हेंबर 2016 मध्ये जाहीर झालं आणि मार्च 2017 अखेर ते बंद झालंसुद्धा. जेमतेम पाच महिने! घराचे हप्ते, मुलांच्या शाळा, म्हातारे आईवडील, यातलं काय आवरून होतं एवढ्यात? नंतर सरकारने एक चांगली योजना काढली : शेजारच्या केंद्रांतल्या वयस्क कामगारांनी लवकर निवृत्ती घ्यायची आणि त्यांच्या जागी हेझलवूडच्या माणसांना घ्यायचं. हीच योजना आधी तयार असती तर कितीतरी घरांची झोप वाचली असती. स्पेनमध्ये 2018 साली सरकार, खाणमालक आणि कामगार संघटनांनी आधी करार केला, मग खाणी बंद केल्या. 48 वर्षांवरच्यांना लवकर निवृत्ती, बाकीच्यांना नवं प्रशिक्षण आणि खाणींच्या जमिनी सुधारण्याचं काम.

हे जमिनी सुधारण्याचं काम लोकांच्या ध्यानातच येत नाही, म्हणून जरा सविस्तर सांगते. जर्मनीच्या रूर खोऱ्यातली शेवटची दगडी कोळशाची खाण डिसेंबर 2018 मध्ये बंद झाली. ते बंद होणं 2007 सालीच ठरलं होतं, म्हणजे हाताशी अकरा वर्षं होती. खालचा कोळसा काढून काढून तिथली जमीन काही ठिकाणी वीस मीटरहून अधिक खचली आहे. अशा खोलगट भागात साचणारं पाणी पंपांनी उपसावं लागतं. पंप थांबवले तर वस्त्यांत पाणी भरेल, म्हणून ते कायम चालवावे लागणार, आणि त्यासाठी वेगळा निधी उभारलेला आहे. जमीन हलत होती तोवर जमिनीखाली सांडपाण्याच्या वाहिन्याही घालता येत नव्हत्या. एम्शर नावाची अख्खी नदी शंभर वर्षांहून जास्त काळ उघडं गटार म्हणून वाहिली. खाणकाम सरकल्यावर 1992 पासून तिच्या कडेने खोलवर वाहिनी घालायला घेतली आणि 2021 अखेरीस नदीत सांडपाणी जाणं थांबलं. जवळपास तीस वर्षांचं काम! कोळशाने केलेलं नुकसान निस्तरायलाही पंप, व्हॉल्व्ह, पाइप कळणारी माणसं लागतात. वीज केंद्राची राख पाण्यात मिसळून जिथे साठवतात, त्या राखेच्या तळ्यांचंही तसंच आहे.

आता थोडं कडू. सोलर पार्क उभारताना भरपूर हात लागतात, पण एकदा उभं राहिलं की मोजकीच माणसं पुरतात. त्यामुळे ‘इथली नोकरी गेली की तिथे मिळेल’ असं कुणी सरसकट सांगितलं तर विश्वास ठेवू नका. कंत्राटी माणसांचे तर सगळ्यात जास्त हाल होतात. राख उचलणारे, कोळसा हाताळणीतले, सफाईवाले यांची नावं भरपाईच्या यादीत येतच नाहीत, आणि याचा मला मनापासून राग येतो. अमेरिकेतले कामगार नेते टोनी मझोकी यांनी 1990 च्या दशकाच्या सुरुवातीलाच मागणी केली होती, की विषारी झालेली माती साफ करायला निधी निघतो, तसा कामगारांसाठीही निघाला पाहिजे. 2015 च्या पॅरिस कराराच्या प्रस्तावनेत कामगारांच्या न्याय्य स्थित्यंतराचा, म्हणजे हा बदल त्यांना वाऱ्यावर न सोडता करण्याचा, उल्लेख आहे. संघटनेने बोलणी करताना तो बिनधास्त पुढे ठेवावा.

प्लांटमधलंही सगळं भंगारात जात नाही. टर्बाइनपासून सोडवलेला जनरेटर ग्रीडवर, म्हणजे विजेच्या जाळ्याला जोडून, नुसता फिरता ठेवला तरी व्होल्टेज सांभाळतो. काही जुन्या केंद्रांत असं केलंय. स्विचयार्ड (केंद्र ग्रीडला जोडणारं विद्युत आवार) आणि वीजवाहिन्या तयार असतात, म्हणून हेझलवूडच्या जागेवर 2023 मध्ये 150 मेगावॅटची बॅटरी जोडली गेली.

यजमानांना सांगा, संघटनेमार्फत व्यवस्थापनाकडे दोन गोष्टी लेखी मागा : युनिट बंद करण्याचं वेळापत्रक आणि प्रशिक्षणाचा खर्च. कंत्राटी सहकाऱ्यांची नावंही त्याच अर्जात घाला. उच्च दाबाच्या वाफेवरचं काम, वर्क परमिट (धोक्याच्या कामाआधी घ्यायचा लेखी परवाना) आणि शटडाउनचं नियोजन जाणणारा माणूस कागदी गिरणीतही लागतो, रसायन कारखान्यातही. त्या कामांची प्रमाणपत्रं त्यांनी आताच, पगार चालू असताना काढून घ्यावीत. अर्जाचा मसुदा मुलाकडून लिहून घ्या. आकडे त्याच्याकडे आहेत, प्लांटची माहिती बाबांकडे.