आधी ‘व्यक्ती’पाशी थांब
कॅथलिक विचार आणि संस्कृती समजून घ्यायला तू थेट मध्ययुगीन ख्रिस्ती तत्त्वज्ञ थॉमस अक्वायनसचे जाडजूड खंड उघडून बसलायस, असं कळलं. थांब जरा. आधी ‘व्यक्ती’ या शब्दापाशी रेंगाळ. कॅथलिक विचारात माणूस म्हणजे देहात कोंडलेला आत्मा नव्हे. देह आणि आत्मा मिळून तो एक असतो. हे मनात मुरलं की बाकीचं आपोआप उलगडतं. कारोल वोयतिवा, म्हणजे पुढचे पोप जॉन पॉल दुसरे, नाझी अमलात पोलंडमधल्या क्राकूवच्या दगडखाणीत राबले होते. माणूस हा कधीच नुसतं वापरायचं साधन नसतो, हे त्यांचं म्हणणं वाचताना ती खाण डोळ्यांसमोर ठेव. त्यांचं १९९८चं ‘फीदेस एत रात्सिओ’ (‘श्रद्धा आणि बुद्धी’) हे परिपत्रकही सावकाश वाच, श्रद्धा आणि बुद्धी हे दोन पंख, ही प्रतिमा सुरुवातीलाच भेटेल.

संस्कृतीसाठी मात्र आपल्या भाषेतच ये. इंग्लंडचे फादर थॉमस स्टीफन्स १५७९ साली गोव्यात आले. येशूची कथा सांगणारं, १६१६ साली छापलेलं त्यांचं ख्रिस्तपुराण घे आणि ओव्या मोठ्याने म्हण. स्वर्गाला ते ‘वैकुंठ’ म्हणतात! हाच शब्द त्यांना का जवळचा वाटला असेल, यावर वहीत पानभर लिही. मग घेऊन ये, निवांत बसून बोलू.