वाचकांचे प्रश्न : यशवंतराव, सेनापती आणि १९६५ची रोजनिशी

‘कृष्णाकाठ’ हे आत्मचरित्र १९४६पाशी थांबतं. संरक्षणमंत्री असतानाच्या युद्धाबद्दल यशवंतराव चव्हाणांनी स्वतः काही लिहून ठेवलंय का? (कराड)

आत्मचरित्र तीन खंडांत लिहायचं त्यांच्या मनात होतं. पहिला खंड १९८४मध्ये आला आणि त्याच वर्षी २५ नोव्हेंबरला ते गेले. दिल्लीची वर्षं लिहायची राहूनच गेली. मात्र १९६५च्या भारत-पाकिस्तान युद्धात त्यांनी रोजनिशी ठेवली होती. त्या काळी त्यांचे खासगी सचिव असलेल्या राम प्रधान यांनी ती २००७मध्ये इंग्रजीत पुस्तकरूपाने आणली.

वाचताना एक पथ्य पाळा. त्या पुस्तकात चव्हाणांच्या नोंदी आहेत, तसंच प्रधानांचं निवेदनही आहे. लेखांतून आणि भाषणांतून प्रधानांची वाक्यं सर्रास यशवंतरावांच्या नावावर खपवली जातात. उतारा घेताना तो नोंदीतला की निवेदनातला, हे आधी पाहा. नोंदीतला असेल तर तारीखही टिपा. रात्री नोंद लिहिणाऱ्याला उद्या काय होणार ते ठाऊक नसतं, आणि तिचं मोल त्यातच आहे. सेनानींच्या आठवणी निवृत्तीनंतरच्या. त्यांना निकालही ठाऊक असतो आणि टीकाकारही.

१ सप्टेंबरला विमानदल वापरायचा निर्णय चव्हाणांनी एकट्याने घेतला, हे खरं का? (नाशिक)

खरं. त्या दिवशी पहाटे पाकिस्तानने जम्मू भागातल्या छांबमध्ये रणगाडे घातले. अखनूर पडलं असतं तर जम्मूहून पूंछ-राजौरीकडे जाणारा रस्ता तुटला असता. दुपारी चारच्या सुमारास लष्करप्रमुख जनरल जयंतनाथ चौधरी आणि विमानदलप्रमुख अर्जन सिंग संरक्षणमंत्र्यांकडे आले. मंत्रिमंडळाच्या समितीची वाट न बघता चव्हाणांनी तिथल्या तिथे होकार दिला. सव्वापाचच्या सुमारास पठाणकोटहून पहिली विमानं उडाली.

पुढचा भाग गौरवलेखांत सहसा येत नाही. लष्कराची मागणी वरपर्यंत पोचण्यात दिवस मावळतीला आला होता. हाताशी जुनी, मंद व्हँपायर विमानं होती. त्यांतली चार गेली आणि संधिप्रकाशात काही मारा आपल्याच तुकड्यांवर झाला. परवानगीला मिनिटं लागली, खालून वर निरोप यायला तास. उशीर मंत्र्याच्या मेजावर झालेला नाही.

जनरल चौधरींशी त्यांचे संबंध कसे होते? बियासमागे हटण्याचा किस्सा कितपत विश्वासार्ह? (पुणे)

१९६२च्या पराभवानंतर चव्हाण दिल्लीत आले, तेव्हा आधीच्या मंत्र्यावर नेमणुकांत हात घातल्याचा ठपका होता आणि सेनाधिकारी दुखावलेले होते. चव्हाणांनी रोज सकाळी तिन्ही दलप्रमुख आणि सचिव यांच्यासोबत बैठक सुरू केली. काय साधायचं ते सरकारने सांगायचं, कसं ते सेनापतीने ठरवायचं, अशी ही वाटणी. चौधरी हुशार, बोलके, पण युद्धात त्यांचा धीर खालीवर होत राहिला, आणि त्यांना उभारी द्यायचं काम मंत्र्यावर आलं. रोजनिशीतून हे स्पष्ट दिसतं.

बियासचं म्हणाल तर पश्चिम विभागाचे प्रमुख हरबक्ष सिंग यांनी आठवणींत लिहिलंय, की पंजाबच्या सीमेवर खेमकरणला दाब वाढल्यावर चौधरींनी बियास नदीमागे सरकायला सुचवलं आणि आपण नकार दिला. हरबक्ष यांचे त्या वेळचे एडीसी (सेनानीच्या दिमतीचा अधिकारी) कॅप्टन अमरिंदर सिंग यांनीही तेच सांगितलंय. पण दोन्ही साक्षी एकाच छावणीतल्या, आणि बोलणं सगळं तोंडी. सूचना झाली असावी असं आम्हाला वाटतं; तिला ‘माघारीचा आदेश’ म्हणणं मात्र जास्त होईल. अमृतसर सोडून द्यावं लागलं असतं, एवढी ती गंभीर होती. १० सप्टेंबरला खेमकरणजवळ असल उत्तरला पाणी सोडलेल्या शेतांत पाकिस्तानचे पॅटन रणगाडे रुतले आणि तो विषय तिथेच मिटला.

याहून महाग पडलेली चूक वेगळी, आणि तिच्याकडे लक्ष कमी जातं. युद्धबंदीच्या तोंडावर पंतप्रधान शास्त्रीजींनी विचारलं, लढाई लांबवली तर जिंकू का? आघाडीचा दारूगोळा बहुतेक संपला, असं चौधरींनी सांगितलं. संरक्षण खात्याच्या अधिकृत इतिहासानुसार जेमतेम १४ टक्के खर्च झाला होता. साठ्याचे आकडे त्या खोलीत दुसऱ्या कुणी तपासून आणले नव्हते, आणि संरक्षणमंत्र्याच्या वाट्याचा दोष असेल तर तो इथे आहे.

नौदलाचे प्रमुख ॲडमिरल सोमण तर मराठी. मग नौदल स्वस्थ का बसलं? (रत्नागिरी)

बसवलं गेलं. ७ सप्टेंबरच्या रात्री पाकिस्तानी नौकांनी द्वारकेवर तोफा डागल्या. विमानवाहू ‘विक्रांत’ मुंबईत दुरुस्तीला होती, तर ‘तलवार’ ही युद्धनौका यंत्राच्या बिघाडाने ओख्याला अडकलेली. भास्कर सदाशिव सोमण उत्तर द्यायला उतावीळ होते. मंत्रालयाची टिपणी मात्र अशी, की मुंबईपासून २०० मैलांपलीकडे आणि पोरबंदरच्या अक्षांशाच्या उत्तरेला नौदलाने कारवाईसाठी जायचं नाही. अपवाद फक्त पाठलागाचा. सोमण चव्हाणांकडे गेले, मग पंतप्रधानांकडे. बंदी उठली नाही. युद्ध समुद्रावर पसरू द्यायचं नाही, असं सरकारचं धोरण होतं, आणि पाकिस्तानकडे झुकलेल्या इंडोनेशियामुळे अंदमानचीही धास्ती होती.

सोमणांची बाजू नौदलाच्या इतिहासात त्यांच्याच शब्दांत सापडते. या प्रकरणी रोजनिशीवर विसंबू नका, नौदलाचा इतिहास काढून वाचा.