कोनान पहिल्या भागापासूनच बघ

‘डिटेक्टिव्ह कोनान’ या जपानी अ‍ॅनिमे मालिकेचे हजारावर भाग आहेत, म्हणून बिचकू नकोस. आणि ‘सुरुवातीचं चित्रण जुनाट आहे, पुढून सुरू कर’ असं कुणी सांगितलं, तर अजिबात ऐकू नकोस. जानेवारी १९९६ मध्ये सुरू झालेल्या या मालिकेचा जीव त्या पहिल्या भागांतच आहे.

शिनइची कुदो हा गुन्हे उलगडणारा, सतरा वर्षांचा हुशार, थोडा गर्विष्ठ पोरगा. विष पाजल्यावर तो मरत नाही, लहान मूल होतो आणि ‘कोनान’ हे नाव घेतो. मेंदू तोच, पण आता त्याचं ऐकतंय कोण? गुन्हेगार समोर दिसत असतो आणि मोठी माणसं त्याला बखोटीला धरून बाजूला करतात! ती तगमग सुरुवातीला अगदी ताजी आहे. आवाज बदलणारा बो-टाय, घड्याळातली गुंगीची सुई ही साधनं त्याला एकेक करून मिळतात. त्याची मैत्रीण रान हिचे बाबा कोगोरो हे गुप्तहेर; त्यांना झोपवून तो त्यांच्याच आवाजात गुन्हा उलगडतो. मला ते घरातलेच वाटतात.

अकरावा भाग मात्र घाईत बघू नकोस. एक बेट, एक पियानो, बीथोवेनची ‘मूनलाइट सोनाटा’. शेवट सांगत नाही. एवढंच सांगतो, की त्या रात्रीनंतर कोनान गुन्हेगाराकडेही वेगळ्या नजरेने बघतो. तो भाग रात्री, एकट्याने, जपानी आवाजात बघ. आणि ४८व्या भागात ओसाकाचा तरुण गुप्तहेर हेइजी येईपर्यंत तरी थांबू नकोस.