काट्यावरचा ऊस आणि नाक्यावरची जकात

देशाचं अर्थकारण समाज आणि राजकारण कसं घडवतं, या विषयावर या वेळी प्रश्न मागवले होते. निम्म्या पत्रांत जीडीपीचा आकडा होता, ती बाजूला ठेवली आहेत. पैसा नेमका कोणत्या जागी अडवता येतो आणि ती जागा कोणाच्या ताब्यात आहे, हे विचारणारी पत्रं आम्हाला जास्त कामाची वाटली.

प्रश्न: साखर कारखान्याचा चेअरमन पुढे आमदार होतो, हे पश्चिम महाराष्ट्रात नेहमीचंच. कांद्याच्या किंवा द्राक्षाच्या मोठ्या व्यापाऱ्याला तेवढं वजन का येत नाही? (स्पर्धा परीक्षेचा विद्यार्थी, सदाशिव पेठ)

कारण ऊस थांबत नाही. तोडलेला ऊस 24 तासांत गाळला गेला तर ठीक, नाहीतर वजनही घटतं आणि साखरही. उभा ठेवला तरी सुटका नाही. तुरा आला, कांडं पोकळ पडलं की उतारा, म्हणजे उसातून निघणाऱ्या साखरेचं प्रमाण, घसरतो. शिवाय रान मोकळं न झाल्याने पुढची लावण रखडते. जुलै-ऑगस्टात लावलेला आडसाली ऊस सोळा ते अठरा महिने रानात असतो, आणि एवढ्या दिवसांची कमाई कारखान्याने तोडीसाठी दिलेल्या एका चिठ्ठीवर, तोडचिठ्ठीवर, येऊन ठेपते. नोंदीच्या तारखेप्रमाणे तोड द्यायची, असं कारखान्याच्या तोडणी कार्यक्रमात लिहिलेलं असतं. पण तोडणी मजुरांची टोळी आधी कोणत्या शिवारात उतरवायची हे शेती खातं बघतं आणि शेती खातं संचालक मंडळाच्या हाताखाली असतं. विरोधी पॅनेलच्या माणसाचा ऊस मागे पडला, ही तक्रार गावोगाव ऐकू येते ती याचमुळे. द्राक्षाला व्यापारी अनेक असतात. एकाशी बिनसलं तर दुसरा बागेत येतो.

दुसरं कारण रचनेतलं. 1950 मध्ये प्रवरानगरला विठ्ठलराव विखे पाटील आणि पुण्याच्या गोखले संस्थेचे धनंजयराव गाडगीळ यांनी सहकारी कारखाना उभा केला. शेअर कितीही असले तरी सभासदाला मत एकच, हा सहकाराचा नियम. कारखान्याचे हजारो सभासद म्हणजे विधानसभेच्या मतदारयादीचा तयार कच्चा खर्डाच.

तिसरं कारण हिशेबातलं आहे, आणि आमच्या मते तेच सर्वांत मोठं. 2025-26 च्या हंगामासाठी 10.25 टक्के उताऱ्याला टनामागे एफआरपी, म्हणजे केंद्राने ठरवलेला उसाचा किमान दर, 3,550 रुपये. त्यापुढच्या प्रत्येक 0.1 टक्क्याला 34.60 रुपये जादा. उतारा 11.25 असेल तर होतात 3,896 रुपये. यातून तोडणी-वाहतूक वजा होते. ती 900 धरली तर शेतकऱ्याच्या हाती 2,996. आता कारखान्याची बाजू बघा. त्या टनातून साखर निघते अवघी 112.5 किलो. केंद्राने फेब्रुवारी 2019 मध्ये ठरवलेल्या 31 रुपये किलो या किमान विक्री दराने तिचे येतात 3,487 रुपये. म्हणजे पगार, कोळसा-तेल, बँकेचं व्याज धरायच्या आधीच चारशे रुपयांचा खड्डा. साखर 31 च्या वर विकली जाते, बगॅसपासून, म्हणजे उसाच्या चिपाडापासून, वीज, मळीपासून इथेनॉल होतं, म्हणून गाडा चालतो. पण महिन्याचा विक्री कोटा, निर्यातीची परवानगी, इथेनॉलचा दर, सगळं दिल्लीत ठरतं. डिसेंबर 2023 मध्ये केंद्राने उसाच्या रसापासून इथेनॉल करण्यावर अचानक बंधनं घातली आणि त्यासाठी कर्ज काढून आसवनी (डिस्टिलरी) उभारलेल्यांची गणितं एका रात्रीत बिघडली. अशा धंद्यात चेअरमनला सरकारात माणूस लागतो, किंवा स्वतःलाच तिथे जाऊन बसावं लागतं.

थकीत बिलाबद्दलही अनेकांनी विचारलं आहे. ऊस दिल्यापासून 14 दिवसांत एफआरपी द्यायची असते, उशीर झाला तर वर्षाला 15 टक्के व्याज. वजनाच्या पावत्या सांभाळा आणि लेखी तक्रार शिवाजीनगरच्या साखर संकुलात साखर आयुक्तांकडे द्या. आयुक्त आरआरसी, म्हणजे वसुलीचं प्रमाणपत्र, काढतात, जिल्हाधिकारी थकीत रक्कम जमीन महसुलाच्या थकबाकीसारखी वसूल करतात. हे गाडं अडतं कुठे? गोदामातली साखर बहुधा आधीच बँकेकडे तारण असते, त्यामुळे लिलावाला मोकळा माल सापडत नाही.

हे चित्र आता पालटतंही आहे. राज्यात गाळप करणाऱ्या कारखान्यांत खासगी जवळपास निम्मे झाले आहेत. तिथे शेतकऱ्याला दर मिळतो, मत मिळत नाही.

प्रश्न: आमच्या गावात 1875 साली झालेले दंगे सावकारांविरुद्ध होते की इंग्रज सरकारविरुद्ध? शाळेत दोन्ही ऐकलं. (सुपे, ता. बारामती)

हल्ला सावकारांवर झाला, पण सावकाराच्या हातात दोरी दिली ती सरकारने. 1861 ते 1865 या अमेरिकेतल्या यादवीमुळे तिथला कापूस इंग्लंडला जाईना. मुंबईचा कापूस सोन्याच्या भावाने गेला आणि सावकारांनी दख्खनच्या शेतकऱ्यांना सढळ हाताने उचल दिली. युद्ध संपलं, भाव कोसळले, उचल बंद झाली. नेमकी तेव्हाच तीस वर्षांसाठी सारा ठरवणाऱ्या जमाबंदीची मुदत संपत होती. नव्या आकारणीत सारा 50 ते 100 टक्क्यांनी वाढला. सारा रोखीत भरायचा, आणि रोख पैसा फक्त सावकाराकडे.

त्यात 1859 चा मुदतीचा कायदा. कर्जरोखा तीनच वर्षं दाव्याला चालेल, म्हणजे व्याज साचणार नाही, असा त्याचा हेतू होता. सावकारांनी दर तीन वर्षांनी नवा रोखा करून घ्यायला सुरुवात केली, जुनं व्याज मुद्दलात घालून. कोर्ट फक्त समोरचा कागद बघे. म्हणून 12 मे 1875 ला सुप्याच्या बाजारात जमलेल्यांनी वह्या आणि रोखे जाळले. माणसांवर हात तुलनेने कमी उचलला गेला. राग कागदावर होता आणि तो अचूक होता.

1879 च्या दख्खन शेतकरी कायद्याने पुणे, सातारा, सोलापूर, नगर या जिल्ह्यांत कोर्टाला रोख्याच्या मागचा सगळा हिशेब उकरायचा अधिकार दिला, कर्जापायी अटकही बंद केली. पळवाट लगेच निघाली: गहाणाऐवजी सरळ खरेदीखत करून घ्यायचं आणि ‘पैसे फेडलेस की परत लिहून देईन’ असं तोंडी सांगायचं.

प्रश्न: पिंपरी-चिंचवड आशियातली सर्वांत श्रीमंत महापालिका म्हणत. जकात गेल्यावर त्या श्रीमंतीचं आणि नगरसेवकांच्या ताकदीचं काय झालं? (निगडी)

1954 च्या हिंदुस्तान अँटिबायोटिक्सनंतर इथे वाहन आणि यंत्रांचे कारखाने आले. कारखान्याकडे जाणारा कच्चा माल नाक्यावर किमतीच्या टक्केवारीने जकात भरी, रोजच्या रोज, रोखीत. ट्रकच्या रांगा लागत, दलाल होते, चिरीमिरी होती. उद्योग वैतागले होते ते खरंच होतं. पण पैसा शहराचा होता, त्यासाठी मंत्रालयाचे उंबरठे झिजवावे लागत नव्हते.

एप्रिल 2013 मध्ये जकात जाऊन एलबीटी, म्हणजे स्थानिक संस्था कर, आला, व्यापाऱ्यांनी बंद पाळले. ऑगस्ट 2015 मध्ये 50 कोटींच्या आतल्या उलाढालीला त्यातून सूट मिळाली आणि 2017 च्या जुलैत जीएसटी आल्यावर तोही संपला. त्याबदली राज्य सरकार भरपाई देतं. 2016-17 चं उत्पन्न पाया धरून वर्षाला 8 टक्के वाढ. रक्कम बरी आहे. पण देणारा हात मुंबईत आहे आणि नगरसेवकापेक्षा पालकमंत्री जड झाला आहे, त्याची एक मुळी इथे आहे.

स्वतःच्या हातात उरले मिळकतकर आणि बांधकाम परवानगीची शुल्कं. मिळकतकराला हात लावणं किती अवघड, ते पुण्याने दाखवून दिलं. स्वतः राहत असलेल्या घराला 1970 पासून मिळणारी 40 टक्के सवलत बंद झाली तेव्हा एवढा गदारोळ झाला की 2023 मध्ये, कसबा पोटनिवडणुकीत हा विषय गाजल्यावर, ती परत द्यावी लागली. उरतं बांधकाम. शहराचा खर्च नव्या इमारतींच्या परवानगीवर चालू लागला की सातबारा असलेला आणि इमारत बांधणारा, दोघंही महापालिकेला हवेहवेसे होतात.

आपल्या शहराचं तपासायचं असेल तर अंदाजपत्रकाची जमा बाजू उघडा. जीएसटी अनुदान, मिळकतकर आणि बांधकाम शुल्क या तीन रकमांना एकूण महसुली जमेने भागा. मात्र ‘अंदाज’ या रकान्यावर जाऊ नका, तो फुगवलेला असतो. मागच्या वर्षाचा ‘प्रत्यक्ष जमा’ रकाना घ्या आणि तीन-चार वर्षांचा शेजारी शेजारी मांडा.

प्रश्न: तेल सापडलेले देश बिघडतात म्हणतात, मग नॉर्वे कसा सुटला? (औंध)

क्रम उलटा होता म्हणून. 1969 मध्ये उत्तर समुद्रात मोठा साठा हाती लागला तेव्हा नॉर्वेत कर भरणारी जनता, जाब विचारणारी संसद आणि चोख नोकरशाही आधीपासून होती. तेलाचा पैसा 1996 पासून परदेशात गुंतवलेल्या निधीत जातो. त्यातून वर्षाला साधारण 4 टक्केच काढायचे हे 2001 मध्ये ठरलं, पुढे ते 3 वर आणलं. व्हेनेझुएलात सरकारला लोकांकडून कराची फारशी गरज नव्हती, त्यामुळे लोकांचं ऐकायचीही.

प्रश्न: कांदा वीस रुपयांनी वाढला तर सरकार एवढं का घाबरतं? घरखर्चात तो किती असतो! (हडपसर)

2012 पाया धरलेल्या ग्राहक किंमत निर्देशांकात कांद्याचं वजन अवघं 0.64 टक्के होतं. पण खाण्यापिण्याचं मिळून 45.86, आणि बाई-माणूस रोज जो भाव विचारतं त्यावरून महागाई मोजतं. 1998 मध्ये दिल्लीतलं राज्य सरकार पडलं, त्यात कांद्याचा वाटा होता, ही आठवण कोणताच पक्ष विसरलेला नाही.

दुसरी बाजू मात्र शहरात कळत नाही. मार्च-एप्रिलात निघणारा उन्हाळ कांदा चाळीत, म्हणजे शेतावरच्या हवेशीर साठवणीत, सप्टेंबर-ऑक्टोबरपर्यंत टिकतो. खरिपाचा लाल आणि त्यामागून येणारा रांगडा टिकत नाही, काढला की विकावाच लागतो. केंद्राने निर्यात बंद केली 8 डिसेंबर 2023 ला, म्हणजे बरोबर लाल कांद्याची आवक वाढत असताना. हाच निर्णय जूनमध्ये झाला असता तर शेतकऱ्याने चाळ बंद करून वाट पाहिली असती. बंदी उठली 4 मे 2024 ला, लोकसभेचं मतदान सुरू असताना, तेही 40 टक्के निर्यात शुल्क लावून. नाशिक पट्ट्यात दिंडोरीला तेव्हाच्या केंद्रीय राज्यमंत्री हरल्या. एकट्या कांद्याने हरल्या असं म्हणणं धाडसाचं होईल, पण प्रचारात तो सगळ्यांत पुढे होता.

प्रश्न: पगारातून दरमहा 200 आणि फेब्रुवारीत 300 रुपये व्यवसाय कर जातो. हा कशासाठी? (हिंजवडी)

अकरा महिने 200 आणि एकदा 300, बेरीज 2,500. राज्यघटनेच्या 276 व्या कलमाने एवढीच कमाल मर्यादा घातली आहे, म्हणून हा तिरपागडा हप्ता. 1972 च्या दुष्काळातून महाराष्ट्रात रोजगार हमी योजना उभी राहिली आणि तिला पैसा हवा म्हणून 1975 मध्ये हा कर आला. त्यात राज्य सरकार स्वतःची भर घाली. शहरातल्या पगारदाराने दुष्काळी तालुक्यातल्या मजुराचा रोज भरायचा, असा हा सौदा. तो मंजूर करणाऱ्या विधानसभेत ग्रामीण आमदारांचं पारडं जड होतं, हे त्याचं राजकारण. मागेल त्याला काम हा त्यात कायद्याने दिलेला हक्क होता, देशभराचा कायदा 2005 मध्ये आला.

महिन्याला 25,000 रुपयांपर्यंत पगार असलेल्या महिलांना 2023 पासून हा कर माफ आहे. तरीही कपात होत असेल तर आधी कंपनीच्या पेरोल विभागाला लेखी कळवा. बहुतेक वेळा सॉफ्टवेअरमध्ये जुनीच मर्यादा राहिलेली असते.