गोव्यात नाटकांची प्रकाशयोजना हा पेशा होऊ शकतो का?

फोंड्यातल्या हौशी मंडळात लाइट सांभाळता, आता हेच काम पूर्णवेळ करायचं आहे आणि पुढे ऑपेराही खुणावतोय, असं तुम्ही विचारलंय.

पेशा होतो, पण लाइट लावणं आणि प्रकाशयोजना करणं ही दोन वेगळी कामं आहेत. गोव्यात पहिल्याचे पैसे मिळतात, दुसऱ्याचं बऱ्याचदा जाहिरातीत नुसतं नाव छापतात. तेव्हा पोट पहिल्यावर ठेवा आणि दुसरं शिकत राहा.

आधी वीज शिका. हजार वॅटचा पार (रंगमंचावरचा साधा झोतदिवा) 230 व्होल्टवर साधारण 4.3 अँपिअर ओढतो. म्हणजे 15 अँपिअरच्या लाइनवर तीन, चौथा नाही. डिमर म्हणजे उजेड कमी-जास्त करणारं यंत्र, चॅनल म्हणजे त्यातली एकेक वेगळी लाइन. चॅनलला 2 किलोवॅटचा सहा चॅनलचा डिमर पूर्ण चढवला की 50 अँपिअर ओलांडतात. जत्रेच्या नाटकाला देवळाची सिंगल फेज लाइन मिळाली आणि माटवातल्या माळा नि साउंडही तिच्यावरच असले, तर ऐन रंगात आलेल्या प्रवेशात एमसीबी पडणारच. हॅलोजनचा दिवा उघड्या बोटांनी धरू नका. बोटाचं तेल लागलेली जागा जास्त तापते आणि काच फुगते नाहीतर फुटते. एलईडी पार डिमरवर जोडू नका, थेट सप्लाय द्या, नाहीतर आतलं सर्किट जातं. एलईडी उगाच लुकलुकायला लागले तर डीएमएक्सची (दिव्यांना हुकूम पोचवणारी) केबल बघा: कुणीतरी माइकची केबल लावलेली असते, किंवा शेवटच्या दिव्याला 120 ओहमचा टर्मिनेटर (ओळीच्या टोकाला लावायचा रोधक) नसतो.

मग क्यू-शीट, म्हणजे उजेड कधी, कुठे, किती बदलायचा त्याची यादी. खरी प्रकाशयोजना इथे होते. संहिता हातात घेऊन दोन तरी तालमी पूर्ण बघा आणि पाच रकाने आखा: क्यू क्रमांक, शब्द किंवा हालचाल, चॅनल, टक्के, सेकंद. ‘संध्याकाळ होते’ एवढं लिहून भागत नाही. ‘ती तुळशीकडे वळते, 3 आणि 5, साठवरून वीसवर, 12 सेकंद’ असं लिहा, म्हणजे ऑपरेटर बदलला तरी प्रयोग बदलत नाही. नवखे बहुतेक रंगात फसतात. काँगो ब्लू जिलेटिन (दिव्यापुढे लावायची गडद निळी पारदर्शक शीट) जवळजवळ सगळा उजेड गिळतं. त्यावर रात्र उभी केली की नटाचे डोळेच दिसत नाहीत. निळा मागून द्या, चेहऱ्याला समोरून दोन्ही बाजूंनी, सुमारे 45 अंशांतून, मंद साधा उजेड ठेवा.

ऑपेरासाठी बाहेर जावं लागेल. तिथे स्टेज मॅनेजर स्वरलिपी समोर ठेवून मात्रेवर क्यू देतो, आणि गायकाला कंडक्टर दिसलाच पाहिजे, म्हणून डोळ्यांत थेट झोत चालत नाही. मोठ्या ऑपेरागृहांत एका आठवड्यात वेगवेगळे ऑपेरा होतात, तेच दिवे पुन्हा पुन्हा फोकस करतात. फोकसचे फोटो आणि मापं नोंदवलेली नसतील तर सगळं विस्कटतं. संगीत नाटकाला लाइट केलेल्याला यातलं एक आयतं येतं: पदाच्या समेवर फेड (उजेडाचा हळूहळू होणारा बदल) संपवणं.

शिक्षणासाठी पणजीची कला अकादमी जवळची, दिल्लीच्या राष्ट्रीय नाट्य विद्यालयाचा अभ्यासक्रम तीन वर्षांचा. दोन्हीकडे जाण्याआधी तुमच्या एका नाटकाचा लाइट प्लॉट (कुठला दिवा कुठे, त्याचा नकाशा) आणि क्यू-शीट स्वच्छ कागदावर उतरवून ठेवा. मोबाइलमधल्या फोटोंवरून, कुठला दिवा तिथे का लावला, ते कळत नाही.