‘चा’ दिसला की गुणा, हे आधी विसरायला लावा

लेकीची अपूर्णांकांची शाब्दिक गणितं चुकतात, ही तुमची पोस्ट वाचली आणि आमची जुनी वही डोळ्यांपुढे आली. ‘टाकीचा 3/5 भाग भरायला 450 लिटर पाणी लागलं, तर टाकी किती लिटरची?’ तुमच्या लेकीचं उत्तर 270. आमचे चिरंजीवही हेच लिहायचे. पाणी 450 आणि अख्खी टाकी 270 ची!

अपूर्णांकांचा गुणाकार-भागाकार तिला येत असणार, ते सोडते. आमच्याकडे घोळ मीच घातला होता. ‘चा-ची-चे दिसलं की गुणायचं’ असं मी त्याला घोकून घेतलं. ‘450 चा 3/5’ ला ते चालतं. पण ‘टाकीचा 3/5 म्हणजे 450’ यातही ‘चा’ आहेच की! शिष्यवृत्तीच्या वर्षातले तीन महिने यात गेले. क्लासला (नाव घेत नाही) विचारलं तर ‘सराव वाढवा’. वही उघडून कुणी पाहिली नाही. वर शॉर्टकटचा कागद दिला: ‘अपूर्णांक उलटा करून गुणा’. मग पोरगा दिसेल तो अपूर्णांक उलटा करायला लागला. फी मात्र वेळेवर मागायचे.

शेवटी वहीत टाकी म्हणून एक लांब पट्टी आखली. पाच सारखी घरं, तीन रंगवलेली. तीन घरांत 450, एकात 150, पाचांत 750. सोडवण्याआधी एकच विचारायचं, दिलेला आकडा कुठल्या घरांचा? ‘टाकी भरायला अजून 300 लिटर लागतील’ म्हटलं, तर ते रिकाम्या दोन घरांचे.

मी शिक्षिका नाही, आमच्याकडे जमलं ते सांगतेय. ‘उरलेल्याचा’ या शब्दाखाली मात्र रेघ मारायला लावाच. पगाराचा 1/3 भाड्याला, उरलेल्याचा 1/2 किराण्याला, शिल्लक 6000. पगार 18000. तो शब्द नजरेतून सुटला की 36000 येतात, आणि पर्यायांत तेही असू शकतात.

वेळ मिळाला तर ‘लीलावती’ या भास्कराचार्यांच्या जुन्या गणितग्रंथातलं कमळांचं गणित द्या. 1/3, 1/5, 1/6 आणि 1/4 कमळं देवांना वाहिली, उरलेली 6 गुरूंना. त्यांची ‘इष्टकर्म’ ही रीत म्हणजे उत्तर म्हणून आधी सोयीची संख्या धरायची. 60 धरा: 20, 12, 10, 15 गेली, 3 उरली. हवीत 6, म्हणून 120. आमच्याकडे ‘एक्स’ मानून समीकरण मांडण्यापेक्षा हे लवकर पटलं.

आणि हो, पट्टी चौकटीच्या वहीतच काढा. कोऱ्या कागदावर घरं लहानमोठी होतात, मग पोरं त्यावरूनच वाद घालत बसतात.