कुर्डीच्या फिल्मला कॉमेंट्री हवीच का?

प्रश्न: माझी आजी मूळ गोव्यातल्या कुर्डीची, साळावली धरणात गाव बुडाल्यावर वालकिणीला आली. गेले दोन मे महिने मी पाणी उतरलं की मोबाईलवर तिथलं शूट करतोय, घरांचे चौथरे, सोमेश्वराचं देऊळ, आजी चपला काढून एका जागी नुसती बसून राहते ते. घरचे म्हणतात कॉमेंट्री टाक नाहीतर कोणाला काय कळणार. मधेच मित्राने दिग्दर्शक मणी कौल यांची ‘सिद्धेश्वरी’ ही फिल्म दाखवली, अर्धी डोक्यावरून गेली पण उठवेना. असं का बनवतात? मला जमेल? – एक वाचक, सांगे

उत्तर: अर्धीच गेली ना, माझी पहिल्या वेळी पाऊण गेली होती. कौल पुण्याच्या फिल्म इन्स्टिट्यूटमधे बंगाली दिग्दर्शक ऋत्विक घटकांचे विद्यार्थी, पण ते रुद्रवीणावादक झिया मोहिउद्दीन डागरांकडे धृपदही शिकले आणि माझ्या मते चावी तिथेच आहे. धृपदाच्या आलापात गवई एका सुरावर थांबतो, त्याच्या आजूबाजूने फिरतो, परत तिथेच येतो, घाई कसली नाही, आणि कौलांचा कॅमेराही तसाच चालतो. म्हणून १९८९ च्या ‘सिद्धेश्वरी’त ठुमरी गायिकेचं आयुष्य जन्म-लग्न-मानसन्मान असं ओळीने येतच नाही, मीता वशिष्ठ ती भूमिका करता करता शेवटी टीव्हीवर खऱ्या सिद्धेश्वरी देवींना गाताना बघत बसते. नंतर नंतर तर कौल कॅमेरामनला व्ह्यूफाइंडरमधे, म्हणजे फ्रेम दिसते त्या खिडकीत, न बघता शूट करायला सांगायचे, म्हणजे फ्रेम सजवायची सवयच मोडायची.

तुम्ही आधी १९८० ची ‘अरायव्हल’ बघा, छोटी आहे. मुंबईत येणारी भाजी, फळं, मेंढरं आणि कामासाठी आलेले मजूर, सगळं एकामागोमाग, एकाच नजरेने, आणि कोणी काही समजावत नाही तरी पोटात गोळा येतो. गंमत म्हणजे ती काढली सरकारी फिल्म्स डिव्हिजनने, ज्यांची भारदस्त आवाजातली रिळं थेटरात पिक्चरच्या आधी लागायची! सगळंच मला पटतं असं नाही हां, कधीकधी त्यांची फ्रेम इतकी देखणी होते की माणूस मागे राहतो.

आता तुमचं. गावाचं नाव, धरणाचं नाव, महिना हे सुरुवातीला दोन ओळींत लिहून टाका, घरच्यांचंही समाधान होईल. गायिका मोगूबाई कुर्डीकर त्याच गावच्या, तेव्हा त्यांचं रेकॉर्डिंग पाण्याच्या शॉटवर चिकटवायचा मोह होणारच, तो आवरा, गाणं मागे वाजायला लागलं की बघणारा बघायचं थांबतो. त्यापेक्षा वारा, चिखलातली पावलं, देवळाकडचा गलबला असं वेगळं रेकॉर्ड करा. आजीशी बोलणंही कॅमेरा बंद ठेवून करा, रात्री जेवणं झाल्यावर, आणि तो आवाज रिकाम्या चौथऱ्यांवर ठेवून बघा, जुळला नाही तर काढता येतो.

आणि आजी बसते तो शॉट किती मिनिटांचा आहे ते तुम्ही लिहिलंच नाही. जेवढा असेल तेवढा ठेवा.